ओव्हरटाइमवरून महागाई

चहाबरोबर व्याजदराचा विषय काढलाच आहे तुम्ही, तर माझी फजिती सांगूनच टाकतो. बायको आत आहे तोवर. ती बाहेर आली की तिच्या पद्धतीने सांगते, आणि त्यात मी आणखीनच बावळट दिसतो.

नव्वदचं दशक. नाशिकरोडच्या एका ज्युनिअर कॉलेजात मी नुकताच अर्थशास्त्र शिकवायला लागलो होतो. नवा मास्तर म्हणजे काय विचारता! सरकारची तूट का वाढली, मध्यवर्ती बँक व्याज वर का नेते, हे मी कुणीही न विचारता सांगायचो. कटिंगला बसलो तर न्हाव्याला सांगायचो. त्याच्या हातात वस्तरा असायचा, तरी तो बिचारा ऐकून घ्यायचा.

मनापासून ऐकणारे एकच. मामा, म्हणजे माझे सासरे. मखमलाबादला त्यांची फुलशेती. पहाटे झेंडू घेऊन पंचवटीत जायचे आणि बाजारात जो भेटेल त्याला सांगायचे, "आमचे जावई अर्थशास्त्राचे प्रोफेसर हायेत." मला फार बरं वाटायचं. खोटं कशाला बोलू?

त्या दिवाळीत माझ्या मेव्हणीचं, रंजनाचं लग्न ठरलं. तारीख उन्हाळ्यातली. मामांनी तिच्या लग्नासाठी बँकेत ठेव ठेवली होती. ते माझ्याकडे आले, चप्पल दाराशी नीट लावली आणि समोर बसले.

"जावईबापू, ठेव आत्ताच मोडून किराणा भरू, का लग्नाच्या तोंडावर भरू? तुमी म्हणाल तसं."

तुमी म्हणाल तसं! असं आजवर मला कुणी म्हणालं नव्हतं. म्हटलं, थांबा मामा, जरा अभ्यास करून सांगतो.

आता माझा अभ्यास काय, तर शेजारचे शिरसाठकाका. काका प्रेसमध्ये नोकरीला. नाशिकरोडला नुसतं 'प्रेस' म्हटलं की नोटांची प्रेस, पुढे काही विचारायचं नसतं. त्या दिवसांत काकांची लूना पहाटेच सुरू व्हायची आणि दिवेलागणीनंतर परत यायची. बरोबर डबासुद्धा नसायचा. मी त्यांना जिन्यात गाठलं.

"काका, ओव्हरटाइम वाटतं?"

"हो ना. दम खायला वेळ नाही."

"एवढं काय चाललंय आत?"

काकांनी इकडंतिकडं पाहिलं. "सर, आतलं बाहेर सांगता येत नाही आम्हाला."

झालं. माझ्या डोक्यात चक्रं फिरायला लागली. ओव्हरटाइम म्हणजे नोटा जास्त. नोटा जास्त म्हणजे सरकार तूट भरून काढतंय. म्हणजे महागाई येणार! दिल्ली-मुंबईचे मोठमोठे तज्ज्ञ अंदाज बांधत बसलेत आणि मला जिन्यात कळलं. फाटक्या नोटा बदलायलाही नव्या छापाव्या लागतात, हे मीच वर्गात शिकवत होतो, बरं का. पण तेव्हा ते आठवलं नाही.

"मामा, ठेव मोडा. सगळं आत्ताच भरा. उन्हाळ्यात तेल हात लावू देणार नाही."

मामांनी दुसरा प्रश्न विचारला नाही. मुदतीआधी ठेव मोडली, व्याजावर पाणी सोडलं. त्यांच्या घरी उंदीर, म्हणून माल आमच्या दोन खोल्यांत आला. तेलाचे डबे, साखरेची पोती, तांदूळ, डाळ. पलंग उभा करून ठेवला आणि आम्ही पोत्यांच्या कडेनं झोपायला लागलो. सुनंदा, म्हणजे आमची सौ., रोज मुंग्यांची पावडर टाकायची आणि माझ्याकडे बघायची.

कॉलनीनं हातगाड्या उतरताना पाहिल्या. पाटलीणबाईंनी विचारलं, "सर, एवढं सामान?" मी नुसता गालात हसलो. अर्थशास्त्राचा मास्तर पोती भरतोय आणि कारण सांगत नाही म्हटल्यावर लोक काय समजायचे ते समजले. सगळी कॉलनी कोपऱ्यावरच्या शेठच्या दुकानावर तुटून पडली. आठवड्यात साखर संपली, शेठनं तेल महाग केलं.

"बघ," मी सुनंदाला म्हटलं, "आली की नाही महागाई?"

"तुम्हीच आणली असेल," ती म्हणाली. मी तिला बाजारभाव कसा ठरतो ते समजावून सांगितलं. ती भाकऱ्या थापत होती, तिला उठून जाता येत नव्हतं.

मग एक दिवस शिरसाठकाकू वाटी घेऊन आल्या. दुकानात साखर नाही, थोडी द्या म्हणाल्या. आतलं गोदाम बघून त्यांनी डोळे मोठे केले. मी मोठेपणानं म्हटलं, "काकू, ही सगळी तुमच्या ह्यांची कृपा. त्यांच्या ओव्हरटाइमवरून ओळखलं मी, नोटा दणादण छापताहेत म्हणून."

"नोटा?" काकू म्हणाल्या. "अहो सर, हे कँटीनमध्ये आहेत. दुसरा आचारी लेकीच्या बाळंतपणाला गावी गेलाय, म्हणून दोघांच्या वाट्याची भाजी हे एकटेच टाकतात."

म्हणून डबा नव्हता हो! संध्याकाळी मी काकांना धरलं. तर ते शांतपणे म्हणाले, "प्रेस म्हटलं की लोकांना नोटाच दिसतात. कशाला कुणाचा हिरमोड करू? आणि आतलं सांगायचं नाही म्हणजे नाही, मग ती उसळ का असेना."

इकडे सगळ्यांची घरं भरलेली, त्यामुळे शेठच्या दुकानात चिटपाखरू फिरकेना. त्यानं धडाक्यात माल मागवून ठेवला होता. शेवटी दाराला पाटी लावली, तेल-साखर स्वस्त. नेमके त्याच दिवशी मामा आमच्याकडे आले, आणि येताना ती पाटी वाचून आले. बसले, पाणी प्यायले, डब्यांकडे पाहिलं.

"असू द्या," एवढंच म्हणाले. चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं. लेकीच्या लग्नाची ठेव ती, माझ्या शब्दावर मोडलेली. मला फार वाईट वाटलं.

लग्न आलं. साखर ओलावायला लागली होती, म्हणून बुंदी अशी पाडली की आदल्या रात्रीच्याच पंगतीत नको नको म्हणेपर्यंत वाढली. व्याही तर बेहद्द खूश, काय सढळ हात म्हणाले. दुसऱ्या दिवशी मुहूर्ताआधी मामा त्यांना घेऊन माझ्याकडे आले. मी फेटा सावरला आणि चेहऱ्यावर प्रोफेसर आणला.

"हे आमचे थोरले जावई," मामा म्हणाले. मग एकदा माझ्याकडे पाहिलं. "कॉलेजात मराठी शिकवत्यात."

"अरे वा! मग एक मंगलाष्टक होऊन जाऊ द्या सरांचं."

आता नाही कसं म्हणायचं? मामांची अब्रू होती. अंतरपाटाशी उभा राहिलो आणि जागच्या जागी जुळवून, कसंबसं सुरात म्हटलं. पहिल्यांदाच एवढ्या लोकांनी मला शेवटपर्यंत ऐकलं, वर अक्षताही टाकल्या.

खाली उतरलो तर मामांचे डोळे भरलेले. माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "जावईबापू, लय झ्याक म्हनलं. पहिल्यापासून ह्योच विषय घ्यायचा ना."