सेइहाचीची चाल

क्योतोच्या त्या स्टुडिओत नायक-नायिकांना आपापल्या खोल्या होत्या. बाकी सगळे, म्हणजे मरणारे, पळणारे, दारू पिऊन पडणारे, एका मोठ्या खोलीत शेगडीभोवती बसून हाकेची वाट बघत. महायुद्ध संपल्यापासून तोमेकिची तिथे आठ वर्षं बसला. दीडशे वेळा तरी तलवारीखाली मेला असेल. पण मेलेल्याचं तोंड पडद्यावर दिसेल तर शपथ!

शेजारी बसायचा सेइहाची. मांचुरियाच्या थंडीत त्याच्या पायाची बोटं गेली होती. तापल्या तव्यावर पाय टाकावा तसा तो चाले आणि स्वतःच म्हणे, "सरका रे, बगळा आला!"

एकदा तोमेकिचीला म्हाताऱ्या नावाड्याचं काम मिळालं. चारच वाक्यं. कॅमेरा सुरू झाला आणि त्याचे पाय आपोआप सेइहाचीसारखे पडले. आपोआप कसले! बायको बाजारात गेली की आठवडाभर तालीम चालली होती. लोक हसले, रडले, पेपरात नाव आलं. मग गाडीवान, भिकारी, देवळातला झाडूवाला, जो म्हणाल तो म्हातारा तोमेकिचीच.

सेइहाची एवढंच म्हणाला, "छान चाललास हो, तोम्या."

त्या दिवसापासून जेवताना तोमेकिची सेइहाचीकडे पाठ करून बसू लागला.

तीन वर्षांनी सेइहाचीला पहिल्यांदाच चांगल्या कामाच्या निवडीला बोलावलं. दोन पावलं चालला, तोच सहायक दिग्दर्शक मोरिवाकी ओरडला, "अहो, तोमेकिचींची नक्कल कशाला? ते स्वतः आहेत की!"

सेइहाची हसला, वाकला, परत शेगडीपाशी येऊन बसला.

दारात उभ्या तोमेकिचीने सगळं ऐकलं. तो मोरिवाकीसमोर कमरेत वाकला. "साहेब, चाल त्याची आहे. मी चोरली."

"वा! एवढा मोठा नट, आणि श्रेय मित्राला!"

"अहो, खरंच चोरली!"

"पुरे, किती तो विनय!"

तोमेकिची जितका खाली वाकावा, तितका मोरिवाकी जास्त गहिवरावा. शेवटी तो म्हणाला, "तुमच्या शब्दाखातर त्यालाच काम देतो, झालं?"

दुपारच्या जेवणापर्यंत तोमेकिचीच्या थोरपणाची गोष्ट सेट ठोकणाऱ्या सुतारांपर्यंत पोचली. मोठ्या खोलीत सगळे जमले. अकरा वर्षं 'तोम्या' म्हणणारा सेइहाची त्याच्यासमोर गुडघ्यांवर बसला आणि त्याने कपाळ चटईला टेकवलं.

"तुमचे फार उपकार झाले."

तोमेकिची घाईघाईने समोर ओणवा झाला. कुजबुजला, "अरे, चाल तुझीच आहे. मी सांगितलं त्याला, ऐकेचना."

"ठाऊक आहे मला. नावाड्यापासून ठाऊक आहे," चटईकडे बघतच सेइहाची म्हणाला. "वाका आता नीट, लोक बघतायत."

टाळ्या पडल्या. सेइहाची उठून गेला, तरी तोमेकिचीला डोकं वर करवेना.