दारावरचे सोनवणेसाहेब

भिंतीपलीकडून आधी तीन ठोके येत आणि मग क्षणभराने आणखी तीन, जरा हलके. रविवारी भरदुपारी, पुण्याजवळच्या मांजरीतली आमची सगळी सोसायटी झोपलेली असताना. शनिवारची रात्रपाळी करून आलेली मी दचकून उठे. पलीकडे सोनवणेसाहेब आणि त्यांच्या पत्नी माई, दोघंच राहत. एकदा विचारलं, "काही दुरुस्ती काढलीत का?" साहेब म्हणाले, "दुपारी आम्ही झोपतो. आपणही झोपावं."

पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेला हा माणूस महिन्यातून एकदा काळा सूट चढवून निघे. लष्कर भागातल्या एका दगडी इमारतीत त्यांची गुप्त बंधुमंडळी जमे, इंग्रजांच्या काळापासूनची. रिक्षावाले त्या इमारतीला भुताचा बंगला म्हणत. पुण्यात कंपन्या आल्या त्या यांच्याच इशाऱ्यावर, असं आमच्या ऑफिसात बोललं जाई. साहेबांना सांगितलं तर म्हणाले, "एवढं हातात असतं, तर सोसायटीला टँकर मागवावे लागले असते?"

ते तिथले द्वारपाल. बैठक संपेपर्यंत बंद दाराबाहेर तलवार घेऊन एकटे उभे राहत. "आमच्या आजोबांनाही देवळाच्या दाराबाहेरच उभं करत," ते म्हणाले होते. "फरक एवढाच, इथे मला विचारल्याशिवाय कोणी आत जात नाही."

यापुढचं ते कुणालाच सांगत नसत, माईंनाही नाही. माईंना ते फार लागे. "अहो, धम्मदीक्षा घेतलेलं घर आपलं. तिथे कुठला देव पूजता, एवढं तरी सांगा."

"मी त्यांना शब्द दिलाय."

"आणि मला दिलेला?"

साहेब अचानक गेले. दिवाणखान्यात बुद्धवंदना चालली होती. तेवढ्यात पांढरे हातमोजे घातलेले काही म्हातारे जिना चढून आले. दार सताड उघडं होतं, तरी त्यांच्यातल्या सर्वांत वयस्कर माणसाने चौकटीवर तीन ठोके दिले आणि सगळे बाहेरच थांबले. कुणाला काही कळेना. माई उठल्या, दाराशी गेल्या आणि आतून चौकटीवर तीन ठोके दिले. हलके. रविवारी दुपारी भिंतीपलीकडून येत, तेच हे.

म्हातारा पांढराफटक पडला. "ताई, हे उत्तर त्यांनी सांगितलं आपल्याला?"

"जागेपणी कधीच नाही," माई म्हणाल्या. "झोपेत पलंगावर तीनदा वाजवायचे. आतून उत्तर येईना की घामाघूम व्हायचे. शेवटी मीच द्यायला लागले. मग शांत झोपायचे." त्या बाजूला सरकल्या. "या आत."

पुढच्या रविवारी दुपारी मला पुन्हा जाग आली. भिंतीपलीकडे तीनच ठोके पडले होते, हलके.