दुसऱ्या अल्बममधल्या आठ मात्रा

आमच्या बँडचा दुसरा अल्बम आला तेव्हा मी इतका थकलो होतो की आनंद व्हायचा राहूनच गेला. पहिला आम्ही चंद्रपुरात ड्रमरच्या खोलीवर, खिडकीला गाद्या लावून केला होता. त्यातली गाणी म्हणजे माझीच पत्रकं, फक्त चाल लावलेली. मोर्च्यांत चालली. दुसरा मात्र नागपूरच्या स्टुडिओत, रीतसर.

मी बेस वाजवायचो आणि गाणी लिहायचो. कॉलेजपासून पत्रकं लिहिलेली, त्यामुळे शेवट मागणीने करायचा हे हाताचं वळणच. आमची भद्रावतीची गिटारवाली म्हणायची, "तुह्या प्रेमाच्या गाण्यातबी तीन मागण्या असतेत बे."

या अल्बममधलं एक गाणं माझं नव्हतं. ड्रमरचं होतं. तो पोंभुर्ण्याकडच्या गावचा. तिथल्या बाया मोहफुलं वेचायला जंगलात जातात तेव्हा वाघाच्या भीतीने एकमेकींना हाका मारत राहतात. ओ आली की समजायचं, बाई आहे. एका सकाळी त्याच्या काकूची ओ आली नाही. गाण्यात त्याच हाका होत्या, त्याच ओ. शेवटी एक हाक, आणि तिच्यानंतर आठ मात्रा काहीच नाही. गाणं संपलं.

मला ते सहन झालं नाही. बाई मेली आणि आपण गप्प बसायचं? त्या जागी मी अख्खं कडवं घातलं : वनखात्याला जाब, भरपाई, गावाला कुंपण. ड्रमर म्हणाला, "नको रे." मी म्हणालो, "गप्प राहून आजवर कोणाचं काय झालं?" स्टुडिओची वेळ संपत आली होती. त्याने वाजवलं.

अल्बम आल्यावर जुने साथी म्हणाले, मऊ पडलात. पुण्या-मुंबईकडच्यांनी कौतुक केलं. एका परीक्षणात तर ते कडवं म्हणजे अल्बमचा कणा ठरलं. या लोकांनी वाघ पाहिला तो सफारीच्या जिप्सीतून! तरी मी ते परीक्षण दिसेल त्याला पाठवलं. आता त्याचीच जास्त चीड येते.

ड्रमरचं म्हणणं एकच होतं. "कडवं काढ, नाईतर मी बँडमधी नाई." मी महिनाभर टाळलं. मग त्याची समजूत काढायला त्याच्या गावी गेलो.

अंगणात त्याची आई शेजारणींना मोबाईलवर तेच गाणं ऐकवत होती. मोबाईलमधल्या हाकेला बाया इकडून ओ देत होत्या, हसत होत्या. शेवटची हाक आली. कोणीच बोललं नाही. आणि आईने अंगठ्याने गाणं बंद केलं.

"मावशी, पुढे आहे अजून."

"माईत हाय. पुढं सभा सुरू होते, बाबू."

एकजण पदर तोंडाला लावून म्हणाली, "भाषणवाला हाच काय वो?"

"पण भरपाईचं कोणी बोलायचंच नाही का?" माझा आवाज चढला.

आई म्हणाली, "बोल ना. हापिसात बोल, आमी येतो संगं. इथी काऊन बोलून राह्यला? इथी तिच्या ओची पाळी हाय."

ड्रमर दारातच उभा होता. त्याला पटवायला आणलेली वाक्यं तशीच ठेवून मी म्हणालो, "कडवं काढतो."

इंटरनेटवरचं गाणं बदलायचं तर जुनं उतरवून नवं चढवावं लागतं. ऐकणाऱ्यांचा आकडा, खालच्या प्रतिक्रिया, सगळं पुसलं जातं. गिटारवालीने दोनदा विचारलं, "नक्की ना?" उतरवलं. नव्यावर पहिलीच तक्रार आली की शेवट कापला गेलाय. बायांबरोबर दिलेलं निवेदन वनखात्याच्या कार्यालयात पडून आहे, ते वेगळं.

परवा गडचिरोलीत ते गाणं वाजवलं. शेवटची हाक गेली आणि आम्ही थांबलो. मागून कोणीतरी ओरडलं, "बंद पडलं काय बे?" लोक हसले. सवयीने माझं तोंड उघडलं. ड्रमरने काठ्या हवेत धरल्या होत्या आणि तो माझ्याकडेच पाहत होता.

आठ मात्रा फार लांब असतात. मी तोंड मिटलं आणि मोजत राहिलो.