अब्बांनी साफ केलेला दगड

मी लघुग्रहांचा अभ्यास करते असं कळलं की आर्णीतले लोक दोनच प्रश्न विचारायचे. तो मोठा दगड पृथ्वीवर कधी आदळणार, आणि मी लग्न कधी करणार. दोन्हींना मी वर्षानुवर्षं एकच उत्तर देत आले, की सध्या तरी काही चिन्ह दिसत नाही. आता पहिला प्रश्न कोणी विचारत नाही, कारण तो अभ्यास सुटला. दुसरा चालूच आहे.

काम काय होतं ते आधी सांगते. सूर्याभोवती फिरणाऱ्या या दगडांत एक जात काळीकुट्ट असते. ग्रह तयार होताना जो माल उरला, तो त्यांच्यात जवळजवळ जसाच्या तसा पडून आहे. त्यातला एखादा तुकडा कधी पृथ्वीवर पडतो. तो ताजा आणि कोरडा मिळाला, त्याला काही लागलेलं नसलं, तर त्यात कार्बनची अशी संयुगं सापडतात जी पृथ्वीच्याही आधीची असतात. मी ती शोधायची. पण आमच्या वाट्याला यायचे ते परदेशातून मागवलेले कण, मोहरीहून बारीक, तेही परत करायच्या बोलीवर. नोकरी कंत्राटी. दरवर्षी मुदत वाढेपर्यंत मी जीव मुठीत धरून बसायची. शेवटच्या वर्षी विभागप्रमुखांनी सरळच सांगून टाकलं, की स्वतःचं म्हणावं असं काही हाताशी असेल तर पुढचं बोलता येईल, नाहीतर कठीण आहे.

आणि नेमका त्याच पावसाळ्यात घाटंजीकडच्या एका तांड्यावर दगड पडला.

भर दिवसा मोठा आवाज झाला आणि एका शेतकऱ्याच्या शेळ्यांच्या गोठ्याचं पत्र्याचं छत फुटलं. खाली कोरड्या लेंड्यांच्या ढिगात मुठीएवढा काळा दगड होता. तो माणूस ना पोलिसांकडे गेला ना तहसीलदाराकडे. दुपट्ट्यात दगड गुंडाळून, मोटरसायकल दामटत तो माझ्या अब्बांकडे आला, कारण त्याचा ट्रॅक्टर अब्बांनी वर्षानुवर्षं चालता ठेवला होता, आणि भाईंची, म्हणजे अब्बांची, पोरगी आभाळातल्या दगडांवर शिकली आहे हे त्याला ठाऊक होतं.

अब्बांचं गॅरेज बसस्टँडच्या मागे आहे. तेव्हा ते बंदच होतं. अब्बांना लकवा मारला होता, उजवा हात खांद्यापासून लोंबायचा. डॉक्टरांनी व्यायाम सांगितला होता, पण अब्बा खुर्चीत बसून अर्ध्या वर केलेल्या शटरखालून रस्ता बघत राहायचे. अम्मी चिडायची, रडायची, पुन्हा चिडायची. काही उपयोग नव्हता.

त्यांचा फोन आला तेव्हा त्यांचा आवाज मला आधी ओळखूच आला नाही, इतका तो जुना, पूर्वीसारखा होता.

"बेटा, तुया कामाचा दगड आला. काळा हाय, कोयशावानी. वरतून करपल्यासारखी साल हाय."

मी जे जे सुचलं ते सांगितलं. स्वच्छ स्टीलच्या डब्यात ठेवा. पाणी अजिबात लागू देऊ नका. कोणाच्या हाती देऊ नका. मी निघालेच. विभागप्रमुखांना कळवलं, त्यांनी सरकारी खात्याला कळवलं. फोन ठेवताना ते म्हणाले, "हे जर खरं निघालं तर तुमचा प्रश्न सुटला." त्यांच्या तोंडून इतकं गोड वाक्य मी कधी ऐकलं नव्हतं. गाडीत मला झोप आली नाही. कायमची नोकरी, स्वतःची भाड्याची खोली, अब्बांना चांगल्या डॉक्टरकडे न्यायचं, असं सगळं मी खिडकीशी बसून मांडत होते.

आता अब्बांची एक रीत सांगायला हवी. गिऱ्हाइकाची वस्तू त्यांनी कधी मळकी परत दिली नाही. नवा पार्ट बसवला तर जुना, निकामी झालेलासुद्धा डिझेलमध्ये धुवून, तारेच्या ब्रशने घासून, तेलाचा हात फिरवून, वर्तमानपत्रात बांधून द्यायचे. तो घरी जाऊन भंगारात पडणार हे माहीत असायचं, तरीही. शेजारचे गॅरेजवाले हसायचे. अब्बा म्हणायचे, आपल्या दुकानातून घाण बाहेर जाऊ नये.

मी पोचले तेव्हा शटर पूर्ण वर होतं. अम्मी दारातच उभी होती, तिचा चेहरा फुलला होता. "तुये अब्बा कालपासून कामाले बसले," ती माझ्या कानात म्हणाली. "उजव्या हातानं ब्रश धरला त्याईनं. मी डोळ्यानं पाह्यलं."

अब्बांनी डबा पुढे केला. वर्तमानपत्राची घडी उघडली. आत दगड होता, गुळगुळीत, तेलकट, घासून घासून निम्मा उरलेला. साल पूर्ण गेली होती. डिझेलचा वास नाकात शिरला.

"पाण्याचा एक थेंब लागू देला नाही," अब्बा म्हणाले. "रातभर डिझेलात ठेवला. काजळी लय धरली होती त्याच्यावर, निघताच निघत नव्हती. पिस्टनवर बसते ना, तशी. कोनाच्या हाती देला नाही. म्याच केलं सारं."

ती काजळी म्हणजेच मला हवा असलेला माल होता. पाणी लावू नका हे मी सांगितलं होतं. डिझेल लावू नका हे सांगायचं माझ्या सात पिढ्यांना सुचलं नसतं. अशा दगडाच्या पोटात बारीक भेगा असतात, आणि डिझेल हे स्वतःच कार्बनच्या संयुगांचं भांडं. आता त्या दगडात आभाळाचं काय आणि पेट्रोल पंपाचं काय, हे कोणतंही यंत्र वेगळं करू शकणार नव्हतं.

मला संताप आला. इतका, की दात आवळून धरावे लागले. खोटं बोलावं असं मनात आलं, पण अब्बांशी खोटं टिकत नाही. बिघडलेल्या इंजिनाचा आवाज ओळखण्यात त्यांचं आयुष्य गेलं, माझ्या आवाजाची काय कथा. मी सांगून टाकलं. हळू आवाजात सांगितलं, पण सगळं सांगितलं.

ते ऐकत राहिले. मग विचारलं, "धुतलं तं निघन का?"

"नाही, अब्बा."

"फोडून पाह्य. अंदर गेलं नसन."

"रातभर होता ना. गेलं असणार."

त्यांनी ब्रश खाली ठेवला. अम्मी चहाचे कप घेऊन आली होती, ती तिथेच थबकली आणि तशीच परत गेली.

दुसऱ्या दिवशी मी तांड्यावर गेले. एक दगड पडला म्हणजे आणखी तुकडे पडलेले असू शकतात. शेतकऱ्याने त्याच्या वावरात, शेजाऱ्यांच्या वावरात मला फिरवलं. सोयाबीन कमरेला लागत होतं, रात्री पाऊस होऊन गेला होता, चिखलात पाय रुतत होते. काळ्या मातीत काळा तुकडा, आणि असा दगड भिजला की बोटांत कुस्करला जातो. आम्ही संध्याकाळपर्यंत वाकून वाकून पाहिलं. त्याच्या म्हातारीने आम्हाला भाकर-पिठलं खाऊ घातलं आणि तिच्या बोलीत काहीतरी म्हणाली. शेतकरी म्हणाला, "ती इचारून राह्यली, तुमचं काय हारपलं म्हून."

दगड मी प्रयोगशाळेत नेला. तपासणीत अपेक्षेप्रमाणे डिझेलच डिझेल निघालं. दगड कोणत्या जातीच्या लघुग्रहाचा हे खनिजांवरून कळलं, पण तेवढं कोणीही सांगू शकलं असतं. विभागप्रमुख वाईट वाटल्यासारखं बोलले, बहुधा त्यांना वाटलंही असेल. दगड सरकारी खात्याकडे गेला. माझी मुदत संपली, आणि या वेळी वाढली नाही. आणखी चार ठिकाणी अर्ज केले. मग मी आर्णीला आले आणि एका कनिष्ठ महाविद्यालयात तासिकेवर भौतिकशास्त्र शिकवायला लागले. घर्षण, लंबक, ओहमचा नियम. मुलांना वाटतं मॅडम फार खडूस आहेत. बरोबरच वाटतं त्यांना.

नोकरी गेल्याचं दुःख मला झालं, अजून होतं. ते मी लपवत नाही. पण ते माझं दुःख आहे, मी त्याच्याशी भांडू शकते.

अब्बांचं तसं नाही. मी परत आले तेव्हा शटर पुन्हा अर्ध्यावर आलं होतं. मी एकदाही त्यांना दोष दिला नाही, उलट पुष्कळदा म्हटलं, की तो दगड धड राहिला असता तरी नोकरी मिळालीच असती असं नाही. ते मान हलवतात. व्यायामासाठी अम्मी त्यांच्यापुढे नट आणि वॉशर मांडते, ते बघत बसतात. त्या वेळी ब्रश धरला तोच हात आता घासही उचलत नाही.

गेल्या आठवड्यात सकाळी माझी स्कूटर सुरू होईना. कॉलेजला उशीर होत होता, मी किक मारून मारून घामाघूम झाले. अब्बा खुर्चीतून उठले. पाय ओढत, भिंतीला धरत बाहेर आले. मी परत एक किक मारली आणि त्यांनी कान दिला. काय बिघडलंय ते त्यांना कळलं, हे मला त्यांच्या चेहऱ्यावर स्वच्छ दिसलं. ते वाकले. डावा हात इंजिनाजवळ नेला आणि तिथेच थांबवला.

"हात लावू का, बेटा?"

"लावा ना, अब्बा. विचारता काय?"

"काही बिघडनार तं नाही ना?"

मी नाही म्हटलं. दोनदा म्हटलं. हात थोडा वेळ तसाच राहिला, मग त्यांनी तो मागे घेतला आणि कुर्त्याला पुसला, त्याला काही लागलेलं नसताना.

"राहू दे," ते म्हणाले. "मिस्त्रीले बोलाव."

आमच्या गल्लीत मिस्त्री म्हणतात ते त्यांनाच.