रुख्मिणीबाईच्या गाडीवाटेचा निकाल

आमच्या देऊळघाटची अन्नपूर्णाबाई कोनाले भेनारी नाही. पन तिचा दीर भगवंतराव लय चिवट. वाटण्या झाल्या तव्हा पुढचं शेत त्याले गेलं, मागचं तिच्या नवऱ्याले. गाडीवाट पुढच्या शेतातून. नवरा वारला अन् भगवंतरावानं वाटेवर बोरीच्या काट्या टाकल्या. "नाल्यातून जा," म्हणे. तो नाला पावसाळाभर कमरेइतका वाहते. त्यातून ना बैल निघत, ना सोयाबीनचे पोते. वाटच नसली तं शेत असून काय कामाचं?

खालच्या कोर्टात बाई हारली. बुलडाण्याले जिल्हा कोर्टात अपील टाकलं. वकीलीनबाई मंजुश्री म्हणे, "काकू, भिऊ नका. आपलं अपील रुख्मिणीबाईवर उभं आहे. मेहकराजवळच्या हिवरा आश्रमाची बाई. तिची वाट अशीच अडवली होती. हायकोर्टात जिंकली."

अन्नपूर्णाबाईले एवढंच समजलं, का कोनी रुख्मिणीबाई आपल्यासाठी साक्षीले येऊन राह्यली. अशा मानसाले आमच्याकडं रिकाम्या हातानं बलावत नाहीत. बाईनं खण-नारळ घेतला, एसटी धरली, इचारत इचारत हिवऱ्याले रुख्मिणीबाईचं घर गाठलं.

दारात सून आली. "सासूबाई? त्या जाऊन लय वर्सं झाले, मावशी."

"अन् मंग माही साक्ष कोन देईल वो?"

सुनेले काही उमजलं नाही, पन तिनं शेत दाखोलं. वाट अशी, का दोन गाड्या बाजूबाजूनं जातीन. अन् कडेले नाला. "ह्याच्यातूनच जाय म्हनत होता पंजाबराव, सासूबाईचा दीर," सून म्हणे.

अन्नपूर्णाबाई पाहतच राह्यली. तोच दीर, तोच नाला. जशी काही आपल्याच शेतात उभी. सुनेचीच ओटी भरली अन् परत आली.

मंजुश्री हासू हासू बेजार. "काकू, मानूस नाही बलावत, निकाल बलावतो. हायकोर्टानं एकदा ठरवलं, का तशाच भांडनात खालच्या कोर्टाले ते मानावं लागते. फक्त भांडन तसंच आहे, हे आपल्याले दाखवा लागते."

तारखेले समोरच्या वकीलानं नेमकं तिथंच बोट ठेवलं. "साहेब, रुख्मिणीबाईला दुसरा रस्ताच नव्हता. इथे नाला आहे. हा निकाल इथे लागू होत नाही."

जज त्याच्या बोलन्याले मान हालवून राह्यले. 

मंजुश्रीनं पान उघडलं. "तिथेही नाला होता, साहेब. पावसाळ्यात बुडणारा रस्ता हा रस्ता नव्हे. वाटणीच्या वेळची गाडीवाट मोकळी ठेवावी, असं इथं लिहिलं आहे."

"हाव सायेब!" मागून बाई ओरडली. "म्या सोता पाह्यला तो नाला!"

शिपाई धावला. जज हासू दाबत म्हणे, "बसा, बाई. पाहतो आम्हीही."

अपील मंजूर झालं. बाई कोर्टाच्या पायरीवर बसून राह्यली. तोंड पाह्यलं नाही अशी बाई, ते कव्हाची राख होऊन गेली. अन् तिचं भांडन मेहकराहून चालत येऊन आपल्यासाठी उभं राह्यलं! 

मंग भगवंतराव काट्या उचलाले लागला. बोटात रुतलेला काटा काढत म्हणे, "ते हिवऱ्याची बाई तुमची लागते तरी कोन वो, वहिनी?"

"माहीत नाही, भावजी," बाई म्हणे. "हात चालवा. बैल जुंपून उभे हायेत."