शेजारणीचा चकाचा

१७ फेब्रुवारी २००८, रविवार. सकाळी आठ लेसोंना इस्त्री केली. केनियात मोम्बासाकडच्या बायका चकाचा नाचताना कमरेला घट्ट बांधतात ती ही छापील सुती कापडं. दुपारी इथं ऑकलंडमध्ये, बॉटनी उपनगराजवळच्या हॉलमध्ये आमचा कार्यक्रम होता.

हा नाच मला हॉस्पिटलमधल्या आमच्या वॉर्डातल्या, मूळ मोम्बासाच्या सिस्टरनं शिकवला. तिच्या आईच्या काळी तो लग्नघरी, फक्त बायकांत व्हायचा. पाय जवळजवळ जागेवर, फिरते ती कंबर, आणि ढोल चढेल तशी. पुढे तो हॉटेलांच्या स्टेजवर गेला, सीडीवर आला. त्याबद्दल सिस्टरची तक्रार नव्हती. तक्रार होती मी राहते त्या फ्लॅट बुश भागातल्या माझ्या शेजारणीबद्दल. तिला सिस्टरकडे मीच नेलं होतं. सहा महिन्यांत तिनं याच हॉलमध्ये दर मंगळवारी स्वतःचा फिटनेस क्लास सुरू केला आणि पत्रकावर छापलं, नृत्यरचना माझी.

"तू तिला आणलंस," सिस्टर मला एवढंच म्हणाली. तेव्हापासून टी-रूममध्ये ती माझ्या टेबलावर बसेना.

कार्यक्रमात शेजारणीचा ग्रुप आमच्या आधी होता आणि साउंड माझ्याकडे. मी तिची सीडी पर्समध्ये टाकली.

"सीडी अडकतेय," मी माइकवर सांगितलं. "पण ज्यांनी यांना हा नाच शिकवला त्या इथंच आहेत. त्या ढोल वाजवतील."

सिस्टरनं माझ्याकडे एकदा पाहिलं आणि ढोल पुढ्यात ओढला.

शेजारीण माझ्याजवळ येऊन पुटपुटली, "वहिनी, आमचं सगळं चार मिनिटांच्या सीडीवर बसवलंय. ढोलावर कसं जमणार?"

"रचना तुझीच ना? जमव की."

सुरुवात संथ होती. मग ढोल चढायला लागला. मोजून पाठ केलेल्या स्टेप्स मागे पडल्या, एकीचं कोपर दुसरीला लागलं. शेजारीण मधेच थांबली आणि टाळ्या वाजवायला लागली, जणू तसंच ठरलं होतं.

"मम, यू स्टॉप्ड," तिची मुलगी पहिल्या रांगेतून म्हणाली. लोक हसले. मीही हसले, चांगली मोठ्यानं.

निघताना सिस्टरनं विचारलं, "सीडी खरंच अडकली?"

"नाही."

ती माझ्या गाडीत येऊन बसली.

सोमवारी सकाळी ड्यूटीआधी मी हॉलच्या ऑफिसात गेले. शेजारणीनं पुढच्या टर्मचं बुकिंग अजून केलं नव्हतं. मंगळवारची वेळ मी सिस्टरच्या नावावर लिहून घेतली, पूर्ण वर्षाची.