पालखी उतरेपर्यंत

गोवा वेगळं राज्य झालं त्या वर्षी कोरगावच्या शाळेत पणजीच्या सिनेमावाल्या मंडळींनी एक जपानी सिनेमा आणला. जुन्या काळातला, आणि मुका. गोष्ट मराठीत सांगायची की कोंकणीत, यावरून आधी अर्धा गाव हमरीतुमरीवर आला. शेवटी मास्तर दोन्हींची खिचडी करून सांगू लागले.

पडद्यावर एका सरदाराच्या घरी त्याचा धनी, मोठा राजा, जेवायला आलेला. दारात निरोप येतो, मुलगा लढाईत पडला. आई निरोप्याला मागल्या दाराने लावून देते आणि धनी उठेपर्यंत हसून वाढत राहते. बायका कडाकडा बोटं मोडू लागल्या. "दगड गो, दगड ही बाय!" शेजारची शेवंती म्हणाली. विनोदिनी तेवढी पडद्याकडे बघत राहिली. तिला काही वाटेनासं होऊन वर्षं लोटली होती.

तिचा मुलगा गौरेश डिचोलीला खाणीवर ट्रक चालवायचा. एका वर्षी ऐन जत्रेच्या सकाळी खाणीवरून भिकाजी निरोप घेऊन आला: ट्रक उलटला, गौरेश गेला. नवरा गोकुळदास तेव्हा देवळात. पालखीचा पहिला खांदा त्यांच्या घराण्याचा. सुतक कळल्यापासून लागतं, आणि लागलं की खांदा भावकीकडे जाणार. एकदा गेलेला मान परत येतो होय? "पालखी उतरापर्यंत तोंड उघडू नको, भाऊ," तिने भिकाजीला हात जोडले. पाप तिने आपल्या पदरात घेतलं आणि पाहुण्यांना वाढत राहिली. सांजेला गोकुळदास घरी आल्यावर म्हणाली, "आताच निरोप इलो." त्याने काही विचारलं नाही. आंघोळीला पाणी मागितलं, एवढंच.

पुढे ती एकाच गोष्टीवर जगत आली. बापाला कळतं तर मान गेला खड्ड्यात म्हणून तो डिचोलीला धावला असता. पोराला बाप होता. आडवी आली ती आईच.

सिनेमा संपला. गोकुळदास मघापासून पडद्याकडे नाही, तिच्याकडेच बघत होता. घरच्या वाटेवर तो थांबला.

"तुका सकाळीच कळला होता?"

"होय."

तिला वाटलं, आता हात उगारेल. उगारला असता तर बरं झालं असतं.

"माका पण," तो म्हणाला. "भिकाजीन देवळात येऊन सांगलेलान. पालखी उचलूच्या आदी."

विनोदिनी पुढे चालू लागली. रडू आलं नाही. त्या दिवशी गौरेशचा देह सांजेपर्यंत डिचोलीच्या इस्पितळात पडून होता, आणि त्याच्यासाठी धावणारं कोणीच नव्हतं.